लेकरांचा राग व वडीलधाऱ्यांचे कर्तव्य

मुलास राग आला, भय वाटले, किंवा काळजीने त्याचे चित्त व्याकूळ झाले, म्हणजे त्याने काही अपराध केला असे समजावे काय? हा प्रश्न प्रथमदर्शनी क्षुल्लक भासेल. परंतु पुष्कळ घरांत त्याचे उत्तर विचार न करताच दिले जाते, आणि ते हाताने दिले जाते. लेकरू आदळआपट करू लागले की चपराक बसते. परीक्षेच्या धास्तीने त्यास अन्न जाईनासे झाले की 'ही नाटके पुरे कर' असा हुकूम सुटतो. ह्यास्तव ह्या प्रश्नाचा शांतपणे विचार करणे हे प्रत्येक आईबापाचे व शिक्षकाचे काम आहे.

मुंबईहून गोव्याकडे जाणाऱ्या महामार्गावर, हातखंब्याच्या पुढे, रत्नागिरी तालुक्यातील पाली हे गाव लागते. पालीसारख्या कोकणी गावांतील मुलांच्या मनावर कोणती ओझी असतात ती पाहा. कित्येकांचा बाप चाकरीनिमित्त मुंबईस असतो. तो गणपतीस किंवा शिमग्यास येतो, चार दिवस राहतो, आणि त्या चार दिवसांत प्रगतिपुस्तक हाती घेऊन वर्षभराची शिस्त लावू पाहतो. मुलाने वर्षभर मनात साठविलेले मात्र सांगावयाचे राहूनच जाते. दुसरे ओझे परीक्षेचे. रत्नागिरी व सिंधुदुर्ग ह्या दोन जिल्ह्यांचा कोकण विभाग दहावीच्या निकालात सतत अग्रभागी असतो. २०२४ साली त्याचा निकाल ९९.०१ टक्के लागला, व २०२५ साली ९८.८२ टक्के. ही भूषणाची गोष्ट आहे ह्यात संशय नाही. परंतु जेथे शंभरांतील नव्याण्णव उत्तीर्ण होतात, तेथे उरलेल्या एकाने तोंड कोठे लपवावे? जेथे पुष्कळ मुले नापास होतात तेथे त्या एकास सोबती तरी मिळतात. येथे तो अगदी एकटा पडतो. आणि परीक्षेच्या आदल्या रात्री हा एक आपणच तर नाही ना, ह्या भयाने किती तरी मुले जागी असतात. ती पुढे उत्तीर्ण होतात, म्हणून त्यांच्या त्या रात्रीची कोणी चौकशी करीत नाही.

आता मूळ प्रश्नाकडे वळू. राग येणे एक, आणि रागाच्या भरात दगड भिरकावणे दुसरे. पहिली गोष्ट मनुष्याच्या इच्छेवर अवलंबून नसते. अमेरिकेतील शरीरशास्त्रज्ञ वॉल्टर कॅनन ह्यांनी १९१५ साली आपल्या ग्रंथात दाखविले की, राग व भय ह्यांच्या वेळी शरीर झुंजण्यास किंवा पळण्यास सिद्ध होते. छाती धडधडते, श्वास जलद होतो, स्नायू ताठरतात. हे सर्व विचार जागा होण्यापूर्वीच घडते. शिवाय मेंदूचा जो भाग आवेगास लगाम घालतो, त्याची वाढ वयाच्या विशीनंतरही काही वर्षे चालू असते. म्हणजे तेरा-चौदा वर्षांच्या मुलाचा घोडा जोमाचा असतो, पण लगाम अजून कच्चा असतो. घोडा उधळला म्हणून त्या मुलास अपराधी ठरविणे न्यायाचे नव्हे. लगाम धरावयास शिकविणे हेच न्यायाचे. दगड भिरकावल्याबद्दल मात्र त्यास अवश्य जाब विचारावा. भावनेस क्षमा व कृतीस मर्यादा, हा भेद ज्या घरात पाळला जातो तेथे मुले लबाडी शिकत नाहीत. कारण मनात आहे ते सांगितल्याबद्दल तेथे शिक्षा होत नाही.

ह्यावर कोणी म्हणेल, 'आम्ही छडी खाऊनच माणसे झालो.' ह्या म्हणण्यास एक थोर दाखलाही देता येईल. ह्याच जिल्ह्यातील पालगड येथे १८९९ साली जन्मलेल्या साने गुरुजींनी १९३३ साली नाशिकच्या तुरुंगात 'श्यामची आई' लिहिली. तीत पोहावयास भिणारा श्याम लपून बसतो आणि आई त्यास मारून विहिरीकडे धाडते, असा प्रसंग आहे. श्याम पोहावयास शिकतो हे खरे. परंतु श्यामच्या मनात आई राहिली ती त्या माराने काय? मारानंतर तिचेच अंतःकरण कळवळले, आणि आपल्या मुलास कोणी भित्रा म्हणू नये एवढीच आपली इच्छा होती हे तिने त्यास उघड करून सांगितले. मायेने तो मार सोसण्याजोगा केला; माराने माया उत्पन्न केली नाही. ज्या घरात मार आहे पण मागाहूनचे ते समजावणे नाही, त्याने ह्या दाखल्याचा आधार घेऊ नये. पाठीस भोपळा बांधून, प्रथम उथळ पाण्यात व मग खोल पाण्यात, अशा रीतीनेही भय जाते. आणि आजचे मानसशास्त्रही भयाशी अशीच पायरीपायरीने ओळख करून देण्यास सांगते. शाळेविषयी तर कायद्यानेच निकाल दिला आहे. २००९ सालच्या शिक्षण हक्क कायद्याच्या सतराव्या कलमाने मुलांस शारीरिक शिक्षा व मानसिक छळ ह्या दोहोंची मनाई केली आहे. छडीच्या धाकाने गप्प बसलेले मूल शांत झाले असे समजणे म्हणजे झाकणाखालचे आधण थंड झाले असे समजणे होय. संयम तोच, जो धाक दाखविणारा दृष्टीआड झाल्यावरही टिकतो.

तर मग संयम शिकवावा कसा? पहिली गोष्ट, रागाच्या ऐन भरात उपदेश करू नये. उधळलेले मन ऐकत नाही. जवळ बसावे, पाणी द्यावे, श्वास सावकाश सोडावयास सांगावे. लांब निःश्वासाने छातीची धडधड खरोखर कमी होते. दुसरी गोष्ट, भावनेस नाव द्यावयास शिकवावे. 'मला राग आला' असे म्हणणाऱ्या मुलास कित्येकदा कळून येते की, तो राग नव्हता, अपमान होता किंवा भय होते. तिसरी गोष्ट, झोप. तेरा ते अठरा वर्षांच्या मुलास रोज आठ ते दहा तास झोप लागते. परंतु मोबाइल उशाशी घेऊन निजणाऱ्यास ती कशी मिळावी? आणि हा नियम मुलास लावावयाचा तर बापाचा मोबाइलही रात्री त्याच फळीवर ठेवला पाहिजे.

चौथी गोष्ट सर्वांत अवघड आहे. मुलाचा राग कित्येकदा न्याय्य असतो. पाहुण्यांदेखत शेजारच्या मुलाशी तुलना केली, बहिणीच्या वाट्यास सर्व काम आले व भावास खेळावयास सोडले, दिलेले वचन मोडले. अशा वेळी लेकरास राग न येता तरच नवल! तेव्हा वडिलांनी 'माझे चुकले' म्हणावे. ह्याने मान कमी होत नाही. शब्द मागे कसे घ्यावे, हे मुलास दुसऱ्या कोणत्याही शाळेत इतक्या स्पष्टपणे शिकावयास मिळत नाही.

कधी ओझे घरच्या बळाबाहेरचे असते. मूल आठवडेच्या आठवडे उदास राहते, मित्र टाकते, स्वतःस इजा करते किंवा जगणे नकोसे झाले असे बोलते. ते शब्द पोरकट समजू नयेत, आणि देवऋषीकडे जाण्यात दिवसही दवडू नयेत. भारत सरकारने १० ऑक्टोबर २०२२ रोजी सुरू केलेल्या टेलिमानस सेवेच्या १४४१६ ह्या क्रमांकावर रात्रंदिवस, मोफत व मराठीतही सल्ला मिळतो. संकटातील मुलांसाठी १०९८ हा क्रमांक आहे. रत्नागिरी शहरात प्रादेशिक मनोरुग्णालय आहे. त्यास वेड्यांचे इस्पितळ म्हणून नाक मुरडणाऱ्यांनी विचार करावा की, हाड मोडले असता वैद्याकडे जाण्यास लाज वाटत नाही, मग मन मोडले असता ती का वाटावी?

आईबापहो, मुलांस रागापासून सर्वथा मुक्त करणे तुमच्या हाती नाही, आणि ते इष्टही नाही. अन्याय पाहून ज्यास संताप येत नाही तो पुढे कोणाच्या उपयोगी पडणार? तुमच्या हाती आहे ते इतकेच की, मुलाच्या रागाची तुमच्या रागाशी गाठ पडू नये. आज सायंकाळी दिवेलागणीस लेकरू पाय आपटीत घरात येईल, तेव्हा हात उगारण्यापूर्वी त्यास एवढेच विचारा, 'बाळ, आज काय झाले?' आणि त्याचे उत्तर पुरे होईपर्यंत ऐका.