वऱ्हाड कोणाचं?

१९०२ साली व्हाइसरॉय कर्झन आणि हैदराबादचा निझाम महबूब अली खान यांच्यात करार झाला. वर्षाला २५ लाख रुपये घ्यायचे आणि वऱ्हाड इंग्रजांना कायमच्या पट्ट्यानं द्यायचं. सार्वभौमत्व निझामाचं, कारभार इंग्रजांचा. १९३६ च्या करारानंतर तेव्हाच्या निझामाच्या थोरल्या मुलाला ‘प्रिन्स ऑफ बेरार’ हा किताबही मिळाला. राज्य मात्र वऱ्हाडातल्या एका वावरावरही नाही.

असल्या विभागणीची इथं जुनी सवय, राज्यकर्तेही बाहेरून येत राहिले. अचलपूरला इमादशाही उभी करणारा फतहुल्ला जन्मानं विजयनगरकडचा हिंदू. पुढं मोगल आले. अठराव्या शतकात तर निझाम आणि नागपूरकर भोसले दोघंही इथला महसूल उचलत, त्याला दोअमली म्हणत. १८०३ मध्ये इंग्रजांनी अडगावच्या लढाईत भोसल्यांना हरवलं, गाविलगड पडला, १८५३ मध्ये निझामाच्या कर्जापोटी कारभार इंग्रजांकडे गेला. पूर्णेच्या खोऱ्यातला कास्तकार मात्र सारा भरत राहिला. कोणाला भरायचा, हे बदलत गेलं एवढंच.

मग जमीन नेमकी कोणाची? पश्चिम आफ्रिकेतल्या बुर्किना फासोत, मोसी लोकांत या प्रश्नाला रोखठोक उत्तर आहे. राज्य ‘नाबा’चं, तो बाहेरून आलेल्या घोडेस्वारांच्या वंशातला. भूमीची पूजा आणि तिच्यावरचा अधिकार ‘टेंगसोबा’चा, तो आधीपासून राहणाऱ्यांच्या वंशातला. फ्रेंचांनी या प्रदेशाची वसाहत १९१९ मध्ये आखली, १९३२ मध्ये मोडून शेजाऱ्यांत वाटली, १९४७ मध्ये पुन्हा जोडली. भूमीचा पुजारी या नकाशांत कुठंच नव्हता.

आपल्याकडे त्याचा जवळचा भाऊबंद मेळघाटात भेटतो. कोरकू आदिवासींच्या गावात मुठवा देवाची पूजा भुमका करतो. गाव वसताना आधी देव बसतो, मग घरं. इथं मालकीचा अर्थ खरेदीखत नव्हे. जमिनीशी केलेला व्यवहार पाळण्याची जबाबदारी, असा काहीसा आहे.

पण देवाची म्हटल्यानं जागा सगळ्यांची होते, हेही खरं नाही. अमरावतीत अंबादेवीच्या देवळात अस्पृश्यांना प्रवेश मिळावा म्हणून १९२७ मध्ये लढा द्यावा लागला. त्यात पुढं होते पंजाबराव देशमुख. वेदवाङ्मयातल्या धर्माच्या उगमावर ऑक्सफर्डमध्ये प्रबंध लिहून आलेले आणि पुढं देशाचे कृषिमंत्री झालेले. धर्म आणि जमीन, दोन्हींची मालकी मूठभरांकडे कशी जाते हे त्यांच्याइतकं कोणाला कळणार?

मेळघाटात प्रश्न आणखी टोकदार झाला. राजाला पिकातला वाटा हवा होता. वनखात्याला जागाच हवी होती. राखीव जंगलं इंग्रजांच्या काळातच आखली गेली, १९७४ मध्ये व्याघ्र प्रकल्प आला, गावं हलू लागली. देव गावासोबत हलवता येतो का, याचं उत्तर पुनर्वसनाच्या पॅकेजमध्ये नसतं.

२००६ च्या वनहक्क कायद्यानं निदान सरकारी कागदात एक रकाना उघडला. अचलपूर तालुक्यातल्या पायविहीर गावाला २०१२ मध्ये सामूहिक वनहक्क मिळाला. उजाड टेकडीवर गावकऱ्यांनी झाडं लावली, जपली. सीताफळं मुंबईपर्यंत विकली. सातबारा कोणा एकाच्या नावावर नव्हता.