स्मृतींचे वस्त्र
(उत्पत्ति, अध्याय ३७ ते ४५)



अशी कल्पना करा की, एखाद्या कारागिराने एक अपूर्व माग तयार केला आहे. त्यास सूत लागत नाही की रेशीम लागत नाही. मनुष्य निजला म्हणजे तो त्याच्या उशाशी ठेवावा; त्याच्या आठवणी उभ्या धाग्यांप्रमाणे ताणल्या जाव्या, त्याची स्वप्ने धोट्यात भरली जावी, आणि कोंबडा आरवण्याच्या सुमारास हातभर वस्त्र विणून तयार व्हावे. असा माग जगात कोठेही नाही. परंतु तो तुमच्या झोपडीत आला असता तर तुम्ही काय केले असते? मला वाटते, सकाळी उठून ते वस्त्र उलगडताच आपणांपैकी पुष्कळांनी प्रथम कात्री मागितली असती. ज्या विहिरीवर आपल्या आईस पाणी भरू दिले नाही ती विहीर तेथे दिसली असती. ज्या भावाशी बांधावरून वैर केले त्याचे तोंड दिसले असते. हा धागा नको, तो धागा नको, असे म्हणत आपण वस्त्राची चाळण करून ठेवली असती.

कोणी विचारील की, मागास आठवण कशी असावी? एका अर्थी ती असते. फ्रान्स देशातील लिओं शहरी जोसेफ मारी जाकार (१७५२–१८३४) ह्या गृहस्थाने इ. स. १८०४ च्या सुमारास मागावर एक यंत्र बसविले. त्यात भोके पाडलेली पुठ्ठ्याची पाने एकापुढे एक साखळीसारखी ओवलेली असतात. भोक असेल तेथे सुई आरपार जाते व तिचा आकडा उभा धागा वर उचलतो. भोक नसेल तेथे सुई मागे ढकलली जाते आणि धागा खालीच राहतो. प्रत्येक पान आडव्या धाग्याच्या एकेका फेरीची आठवण होय. सोलापुरी चादरीवरील फुले ह्याच रीतीने उमटतात. जाकारच्या मृत्यूनंतर १८३९ साली त्याच शहरी त्याची छबी रेशमात विणली गेली. तिला सुमारे २४,००० पाने लागली, आणि पाहणारास ते कापड न वाटता छापील चित्र वाटे. आता त्यांपैकी एखादे पान कोणी आपल्या मर्जीने काढून टाकिले असते तर? नेमक्या त्या ओळीवर चेहरा तुटला असता.

हे मी का लिहितो ते सांगतो. सेमिनरीतून नुकताच बाहेर पडलो होतो तेव्हाची गोष्ट आहे. एका खेड्यात एक विधवा बाई नवीनच बाप्तिस्मा घेऊन मंडळीत आली. तिचा नवरा त्यापूर्वीच वारला होता. त्याचे पागोटे तिने गोधडीच्या आत, दोन जुन्या लुगड्यांच्या मध्ये घालून शिवले होते व ती गोधडी पांघरून ती निजत असे. मी तरुण होतो आणि मला सर्व काही ठाऊक आहे असे मला वाटत होते. मी तिला म्हणालो, “मावशी, जुने ते होऊन गेले. ते पागोटे काढून टाका. मागच्या जन्माचे ओझे अंगावर कशाला?” ती काही बोलली नाही. पुढच्या खेपेस गेलो तेव्हा गोधडी दोरीवर लोंबत होती. ती म्हणाली, “पाळकसाहेब, तुमचं ऐकलं. पर आतला पदर काढाया समदे टाके उसवावे लागले, आन् लुगडी जुनी, ती काय परत धरंनात.” तिच्या बोलण्यात राग नव्हता. असता तर मला बरे वाटले असते.

पाप सोडावे ह्याविषयी वाद नाही. ज्याने चोरी केली त्याने चोरी करू नये, ज्याने दारू प्यावी त्याने ती टाकावी. परंतु मेलेल्या नवऱ्याचे पागोटे हे पाप नव्हे. आपले वाडवडील, त्यांची उपासमार, त्यांनी खाल्लेला मार, त्यांची माया, ही आपली पापे नव्हेत. आणि ती विसरा असे सांगण्याचा अधिकार मला कोणी दिला होता, हे मी आजवर शोधीत आहे. उपदेशक बंधूंनो, तुम्हांलाही हा मोह होईल म्हणून हे सांगितले.

योसेफाकडे पाहा. त्याच्या चरित्रात स्वप्ने व वस्त्रे जागोजागी एकत्र येतात. बापाने त्यास पायघोळ झगा दिला व त्यास पेंढ्यांचे आणि ताऱ्यांचे स्वप्न पडले. भावांस दोन्ही सोसली नाहीत. स्वप्नाचे काय होते ते पाहू, असे म्हणून त्यांनी त्याचा झगा काढून घेतला, बकऱ्याच्या रक्तात बुडविला आणि म्हाताऱ्या बापापुढे टाकिला. वस्त्राने खोटी साक्ष दिली! पुढे मिसरात पोटीफराच्या बायकोच्या हाती त्याचे वस्त्र राहिले, तेही त्याच्याविरुद्ध खोटेच बोलले. मग फारोने त्यास तलम तागाची वस्त्रे घातली, आणि योसेफास वाटले की आता मागचे सर्व संपले. त्याने थोरल्या मुलाचे नाव मनश्शे ठेविले. देवाने मला माझे कष्ट व बापाचे घर विसरावयास लाविले, असा त्याचा भाव. पण विचार करा: अंगणात खेळणाऱ्या त्या लेकरास दिवसातून किती वेळा हाक मारावी लागली असेल! प्रत्येक हाकेबरोबर जे विसरावयाचे तेच ओठांवर येत असेल.

आणि दुष्काळात भाऊ धान्यासाठी येऊन भुईपर्यंत वाकले तेव्हा, शास्त्र सांगते, त्यास ती स्वप्ने आठवली. देवाने एकही धागा तोडला नव्हता. खड्डा होता, वीस रुपये होते, बंदिशाळा होती. आणि त्याच ताण्यावर देव दुष्काळात पुष्कळांचे प्राण वाचविण्याचे वस्त्र विणीत होता. योसेफ आपली ओळख देतो तेव्हा भावांनी आपणांस विकले हे तो लपवीत नाही. प्रथम तेच बोलतो, आणि मग त्यांच्या गळ्यात पडून रडतो.

त्यानंतर तो काय करितो ते पंचेचाळिसाव्या अध्यायाच्या बाविसाव्या वचनात पाहा. ज्यांनी त्याचा झगा हिसकून घेतला त्या प्रत्येकास तो एकेक पोशाख देतो, आणि बन्यामिनास पाच. ते नवे कपडे घेऊन भाऊ कनान देशी बापाकडे आले व योसेफ जिवंत आहे असे म्हणाले. म्हाताऱ्याचे मन प्रथम धजले नाही. त्याने पूर्वीही ह्यांच्या हातचे एक वस्त्र पाहून विश्वास ठेविला होता. त्या झग्याचे खरे काय झाले, हे त्यांनी त्या दिवशी त्यास सांगितले की नाही, ते तेथे लिहिलेले नाही.