टक्केवारी उतरवताना

मूत्रपिंड निकामी होणे म्हणजे इंग्रजीत 'किडनी फेल्युअर'. पण छापून आलेल्या काही शोधनिबंधांत त्याच्या जागी 'किडनी डिसअपॉइंटमेंट' सापडतं. मूत्रपिंडाचा अपेक्षाभंग! 'ब्रेस्ट कॅन्सर'चं झालं 'बुझम पेरिल', म्हणजे उरावरचं संकट. कृत्रिम बुद्धिमत्तेची झाली 'काउंटरफीट कॉन्शसनेस', बनावट जाणीव. गियोम काबानाक, सिरिल लाबे आणि अलेक्झांडर मागाझिनोव या तिघा संशोधकांनी २०२१ मध्ये नामांकित नियतकालिकांतून असे प्रयोग वेचून काढले आणि त्यांना 'टॉर्चर्ड फ्रेजेस' म्हटलं. छळ झालेले शब्दप्रयोग. नाव अगदी नेमकं आहे.

हा छळ का होतो, ते समजून घ्यायला हवं. उचलेगिरी शोधणारी सॉफ्टवेअर मुख्यतः ओळीने आलेले तेच शब्द जुळवून पाहतात. मग दुसऱ्याचा परिच्छेद घ्यायचा, प्रत्येक शब्दाच्या जागी समानार्थी शब्द बसवणाऱ्या यंत्रात घालायचा, की ओळी जुळत नाहीत. आपल्याकडे विद्यापीठ अनुदान आयोगाच्या २०१८ च्या नियमांनुसार प्रबंधातलं साम्य १० टक्क्यांपर्यंत असेल तर शिक्षा नाही, ६० टक्क्यांच्या वर गेलं तर नोंदणीच रद्द. नियमाचा हेतू चांगला आहे. पण 'किती टक्के आलं?' हा प्रश्न एकदा मुख्य झाला की 'काय समजलं?' हा मागे पडतो, आणि टक्केवारी खाली आणणं हेच एक वेगळं काम होऊन बसतं.

शाळेत आपण समानार्थी शब्दांची यादी पाठ करतो: पाणी, जल, नीर, उदक, तोय. यादीत हे सगळे शेजारीशेजारी बसतात. वाक्यात बसत नाहीत. कष्टांवर पाणी पडतं, उदक पडत नाही. तर्पणाला उदक लागतं, तिथे 'पाणी' म्हटलं तर विधीचा भाव उणावतो. जुन्या कवींनी वृत्तासाठी यातला हवा तो शब्द निवडला, पण निवडणाऱ्याला माहीत असायचं की आपण काय घेतो आहोत आणि काय सोडतो आहोत. यंत्राला, आणि घाईत शब्दकोश उघडणाऱ्यालाही, फक्त यादी दिसते. मूळ वाक्यात त्या शब्दाच्या आजूबाजूला कोण उभं आहे, हे दिसत नाही.

जिथे शब्द पारिभाषिक असतो तिथे नुकसान अधिक खोल होतं, कारण ते पटकन लक्षातही येत नाही. 'अपेक्षाभंग' वाचून निदान वाचक दचकतो. पण विज्ञानाच्या पुस्तकातल्या एखाद्या वाक्यात 'वेगा'च्या जागी 'चाल' घातली तर बहुतेकांना काही खटकणार नाही. रोजच्या बोलण्यात दोन्ही एकच. पदार्थविज्ञानात मात्र वेगाला दिशा असते, चालीला नसते. वाक्य व्याकरणशुद्ध राहतं आणि चुकीचं होतं. कायद्यातही तसंच. 'खून' आणि 'सदोष मनुष्यवध' वर्तमानपत्राच्या वाचकाला जवळजवळ एकच वाटतील, पण भारतीय न्याय संहितेत त्यांच्या व्याख्या वेगवेगळ्या कलमांत आहेत. खुनाला फाशी होऊ शकते. खून न ठरणाऱ्या सदोष मनुष्यवधाला नाही. अशा ठिकाणी तोच शब्द पुन्हा पुन्हा आला म्हणून कुणी नाक मुरडू नये. पुनरुक्ती टाळा, हा निबंधलेखनाच्या तासाचा उपदेश इथे लागू नाही.

मला सर्वांत जास्त काळजी वाटते ती असे शब्द बदललेल्या शोधनिबंधांच्या वाचकाची. रुग्णाविषयी निर्णय घेण्यापूर्वी कुणी डॉक्टर असा निबंध वाचत असेल, कुणी विद्यार्थी त्यावर पुढचं काम उभारत असेल. लिहिणाऱ्याने स्वतःच न वाचलेलं वाक्य ते दोघं विश्वासाने वाचत आहेत.

तरीही शब्द बदलणाऱ्या प्रत्येकाला लबाड ठरवायला मी तयार नाही. मराठी माध्यमातून आलेल्या किती जणांना प्रबंध इंग्रजीत लिहावा लागतो! समोरचं इंग्रजी वाक्य इतकं बांधीव दिसतं की ते मोडून आपलं करावं, ही हिंमतच होत नाही. मग एकेक शब्द बदलणं एवढंच हाती उरतं. अशा विद्यार्थ्याला मूळ लेख मिटून ठेवायला सांगावं आणि जे समजलं ते मराठीत बोलायला लावावं. जिथे अडखळेल तिथे लेख पुन्हा उघडावा. बोललेलं मराठीत टिपून घ्यावं, त्यावरून इंग्रजी मसुदा करावा, पारिभाषिक शब्द मूळचेच ठेवावेत आणि ज्याचा विचार घेतला त्याचं नाव तिथल्या तिथे लिहावं. वेळ लागतो, हे खरं. मार्गदर्शकांनी हा वेळ द्यायला हवा: ती मराठी टिपणं मागून घ्यावीत, वाचावीत, आणि टक्केवारीचा अहवाल येण्याच्या आधीच त्यांवर विद्यार्थ्याशी बोलावं.