नाव सांगावे की लपवावे?



एक प्रसंग डोळ्यांसमोर आणा. साल २०२०. काशीतील ब्रह्माघाटाजवळची अरुंद गल्ली, जिथे मराठी कुटुंबे पिढ्यान्‌पिढ्या राहत आली आहेत. तुमचा कोरोनाचा अहवाल पॉझिटिव्ह आला आहे. आरोग्य कर्मचारी दारातून विचारतो, "कोणाकोणाच्या संपर्कात आलात?"

गल्लीत खांद्याला खांदा लागलेल्यांची नावे तुम्हाला ठाऊक नाहीत. पण एक नाव पक्के आठवते, रोज दूध घालणाऱ्या भैयाचे. ते सांगितले, तर चौदा दिवस त्याचा धंदा बंद. नंतरही गिऱ्हाईक परत येईल, याची खात्री नाही. त्या एप्रिलमध्ये 'आरोग्य सेतू' अ‍ॅप आले होते. ते ब्लूटूथने जवळच्या मोबाईलची नोंद ठेवी. पण भैयाकडे साधा फोन. म्हणजे सारे तुमच्या शब्दावर येऊन ठेपले.

नाव गाळणे ही दया आहे का? मी वाणिज्य शाखेचा विद्यार्थी. वहीतली एक नोंद गाळली म्हणून तोटा नाहीसा होत नाही. तो दुसऱ्याच्या माथी बसतो. इथे तो बसेल भैया ज्या घरी दूध देतो, तिथल्या वृद्धांच्या माथी. त्यांना तर कोणी विचारलेलेही नाही.

पण भैयाची भीतीही खोटी नाही. दशाश्वमेधाजवळ शीतलामातेचे मंदिर आहे. देवी येणे हा मातेचाच कोप किंवा कृपा मानून अनेक घरे रुग्ण लपवीत. १९७०च्या दशकात कार्यकर्ते रुग्णाचे चित्र घेऊन घरोघर फिरले. रुग्ण सापडला की आसपासच्या सर्वांना लस टोचत. १९७५ च्या मे महिन्यात भारतातील देवीचा शेवटचा रुग्ण नोंदला गेला. तिथे नाव सांगितल्यावर शेजाऱ्यांना संरक्षण मिळत होते. २०२० मध्ये लस नव्हती. नाव सांगितल्यावर वाट्याला येत होते ते फक्त विलगीकरण आणि लोकांच्या नजरा.

गीतेच्या सोळाव्या अध्यायात दैवी गुणांची गणना अभयापासून सुरू होते. सत्य त्यानंतर येते. मला हा क्रम महत्त्वाचा वाटतो. ज्याला समाजाने अभय दिले नाही, त्याच्याकडून सत्य मागणे म्हणजे ठेव न ठेवता व्याज मागणे.

म्हणून नाव अवश्य सांगा. मात्र तिथे थांबू नका. चौदा दिवस भैयाच्या घरी धान्य पोहोचते का, ते पाहा. पंधराव्या दिवशी सर्वांच्या देखत दूध त्याच्याकडूनच घ्या. नाव तुम्ही दिले आहे, तर त्याचा भारही थोडा तुम्हीच उचला.