सांध्याखालची सही

जहाजाचे पोलादी पत्रे वेल्डिंगने सांधतात. मग त्या सांध्यांची क्ष-किरण चित्रे काढतात आणि जाणता परीक्षक त्यांत भेग, पोकळी, अडकलेली मळी शोधतो. कोरियातल्या उल्सानच्या गोदीत वेल्डिंग करणारे यंत्रमानव आले. आता अशी चित्रे वाचायलाही कृत्रिम बुद्धीला शिकवू लागले आहेत.

शिकवतात कशी? जुन्या परीक्षकांनी खुणा केलेली चित्रे तिच्यापुढे मांडून! म्हणजे नजर उसनीच. ती थकत नाही, हे मात्र मान्य. रात्रपाळीत माणसाचे डोळे जडावतात, आणि खलाशांच्या जिवापुढे माणसाचा मोठेपणा तो काय?

पण खाली सही माणसाचीच लागते. शंभरदा यंत्राचे ‘ठीक’ पाहिलेला पोरगा एकशेएकावे चित्र खरेच पाहील काय?

आपल्या मुंबईच्या गोदीत वाडियांनी बांधलेली ‘त्रिंकोमाली’ १८१७ साली पाण्यात उतरली. इंग्लंडात हार्टलपूलला ती अजून तरंगते आहे. वाडियांच्या घरात ही विद्या बापाकडून मुलाकडे गेली. यंत्राची चूक ओळखणारी नजर उद्या कोणाकडून घ्यायची? मला वाटते, शिकाऊ पोराने आधी स्वतः खूण करावी, मग यंत्राला विचारावे. जहाज चार दिवस उशिरा उतरेल, एवढेच.