लग्नाला साक्ष कोणाची?

मे 2025 मध्ये अहिल्यानगरमध्ये मराठा समाजाची बैठक भरली आणि लग्नांसाठी आचारसंहिता ठरली. पुणे जिल्ह्यातल्या एका विवाहितेच्या मृत्यूने आणि त्यामागच्या हुंडाछळाच्या आरोपांनी तेव्हा सारा महाराष्ट्र अस्वस्थ होता. लग्न 100 ते 200 माणसांत व्हावे, प्री-वेडिंगचे चित्रीकरण नको, डीजे नको, हुंडा देऊ नये आणि घेऊ नये, असे त्या आचारसंहितेचे स्वरूप होते. अहिल्यानगर जिल्ह्यातली काही मुले-मुली मात्र मोठ्या लग्नाची आणि छोट्याचीही वाट न पाहता लग्न उरकायला थेट आळंदी गाठतात, किंवा विवाह नोंदणी कार्यालयात सह्या करून मोकळी होतात. एका टोकाला हजारो पानांची पंगत आणि दुसऱ्या टोकाला पळून जाऊन केलेले लग्न. यातले काय निवडायचे, हा प्रश्न बहुधा खर्चाचा किंवा घराच्या अब्रूचा म्हणून चर्चिला जातो. मला तो मुळात धर्माचा प्रश्न वाटतो. लग्न कशाने लागते, त्याला माणसे लागतात का, आणि लागत असतील तर कशासाठी, हे ठरल्याशिवाय निवड करता येणार नाही. लग्नाला साक्ष लागते, गर्दी लागत नाही, असे माझे म्हणणे आहे. ज्या लग्नात साक्ष उरत नाही ते दहा हजारांच्या मांडवात झाले तरी अपुरे, आणि जिथे साक्ष द्यायलाच लोक नकार देतात तिथे घर सोडून जाणे हा अधर्म नव्हे.

आपल्या परंपरेने पळून जाण्याला नाव दिले आहे आणि जागाही दिली आहे. मनुस्मृतीत विवाहाचे आठ प्रकार येतात. त्यांत मुलगा आणि मुलगी यांनी एकमेकांच्या इच्छेने जमवलेला तो गांधर्व. मनूला पहिले चार प्रकार अधिक पसंत आहेत, तरी गांधर्वाला विवाह म्हणायचे त्याने नाकारलेले नाही. पण या विवाहात धोका कुठे आहे, ते महाभारताने आदिपर्वातच दाखवून ठेवले आहे. कण्व आश्रमात नसताना शकुंतला आणि दुष्यंत यांचे लग्न होते. कण्व परत आल्यावर त्याला मान्यता देतात, म्हणजे पित्याचा विरोधही नाही. पुढे मुलाला घेऊन शकुंतला दरबारात उभी राहते, तेव्हा दुष्यंत तिला ओळख देत नाही. कालिदासाने शाप आणि अंगठी आणून त्याला सांभाळून घेतले. महाभारतातल्या दुष्यंताला मात्र सगळे आठवत असते. आकाशवाणी झाल्यावर तो सांगतो की, केवळ तिच्या शब्दावर मी तिला स्वीकारले असते तर लोकांनी संशय घेतला असता. राजाला सत्य माहीत आहे, तरी ते सत्य सभेत उभे करायला त्याच्याकडे माणूस नाही, आणि याची किंमत भर दरबारात मोजावी लागते ती शकुंतलेला. दोघांचे प्रेम खरे असले की तिसऱ्याची गरज काय, असे विचारणाऱ्यांना याहून चांगले उत्तर मला माहीत नाही. प्रेम दोघांत पुरते. पण लग्न म्हणजे पुढच्या सगळ्या वर्षांसाठी दिलेला शब्द आहे, आणि शब्द देणाराच उद्या तो नाकारू लागला तर तो ऐकलेला कोणीतरी हवा.

दुसरी कथा याच्या उलट बाजूने तेच सांगते. एकनाथांनी 1571 मध्ये काशीत रुक्मिणीस्वयंवर पूर्ण केले. त्यांचे पैठण आपल्या शेवगाव तालुक्याच्या पलीकडे, गोदावरीच्या पैलतीरी. मनाजोगता नवरा मिळावा म्हणून मुलींनी या ग्रंथाचे पारायण करावे, अशी रीत महाराष्ट्रातल्या घरांत पिढ्यान्‌पिढ्या चालत आली आहे आणि वडीलधारी माणसेच ते करायला सांगतात. त्यातली कथा काय आहे? भावाने ठरवलेला वर मुलीला नको आहे, ती स्वतः पत्र लिहून आपल्या पसंतीच्या पुरुषाला बोलावते आणि ऐन लग्नाच्या वेळी त्याच्याबरोबर निघून जाते. देवांच्या गोष्टी देवांना शोभतात, त्या माणसांना लावू नयेत, असा आक्षेप यावर घेतला जाईल. पण मग त्या मुलींच्या हाती देण्याचे कारणच उरत नाही. ज्या घरात ही पोथी वाचली जाते, त्या घराला मुलीची इच्छा ऐकण्यापासून सुटका नाही. आणि तीच कथा पुढे हेही सांगते की, कृष्ण रुक्मिणीला घेऊन जातो आणि मग सर्वांसमक्ष विधिपूर्वक लग्न लावतो. रुक्मिणी निघून गेली ती भावाने शिशुपालाशी जुळवलेल्या लग्नापासून. लोकांसमोर लग्न लावण्याचे तिने टाळलेले नाही.

आजचा कायदाही याच मापाने मोजतो. 1954 च्या विशेष विवाह कायद्यात मांडव नाही आणि मंत्रही सक्तीचे नाहीत, पण तीन साक्षीदार आहेत. वधू-वरांनी एकमेकांचा स्वीकार केल्याचे शब्द विवाह अधिकारी आणि त्या तिघांच्या समक्ष उच्चारल्याखेरीज ते लग्न पुरे होत नाही. 1955 च्या हिंदू विवाह कायद्यात जिथे सप्तपदीची रीत आहे, तिथे सातवे पाऊल पडले की विवाह पूर्ण होतो. एप्रिल 2024 मध्ये सर्वोच्च न्यायालयाने स्पष्ट केले की, विधी न करता नुसते प्रमाणपत्र मिळवले तर हिंदू विवाह कायद्याखाली ते लग्न ठरत नाही. त्याच निकालात न्यायालयाने असेही बजावले की, विवाह हा नाचगाणे, खाणेपिणे आणि देण्याघेण्याची वसुली करण्याचा प्रसंग नव्हे. नुसता कागद आणि नुसती पंगत, दोन्ही एकाच निकालात बाजूला पडले.

आता मोठे लग्न याच कसोटीवर पाहू. माणसे हजारोंनी येतात, हे खरे. पण ती साक्षीला येतात का? मुहूर्त टळून जातो, कारण माईकवर पुढाऱ्यांचे स्वागत आणि फेटे-नारळाचे सत्कार संपत नाहीत. मंगलाष्टके म्हटली जातात, अक्षता पडतात आणि शेवटच्या अक्षतेबरोबर लोक जेवणाकडे वळतात. कन्यादान, लग्नहोम, सप्तपदी हे विधी बऱ्याच लग्नांत त्यानंतर होतात, जवळच्या पाच-पंचवीस माणसांत. ज्या पावलाने कायद्याने आणि शास्त्राने विवाह पुरा होतो, ते पाऊल पडताना बहुतेक पाहुणे पंगतीत असतात किंवा गाडीत बसलेले असतात. त्यांनी आहेर केला, तोंड दाखवले, पण या दोघांनी एकमेकांना काय कबूल केले ते ऐकले नाही. मग एवढ्या माणसांसाठी बापाने शेत गहाण टाकायचे ते कशाबद्दल?

यावर गावाचे उत्तर आहे आणि ते हलके घेऊ नये. आम्ही शंभर घरी जेवलो, त्यांना आमच्या घरी एकदा तरी जेवू घालायला नको का, असे लोक विचारतात. भावकी, सोयरे, शेजारी ज्या धाग्याने बांधलेले असतात, तो लग्नातूनच विणला जातो. अडीअडचणीला धावून येतात तीही हीच माणसे. हे सगळे मला मान्य आहे. पण ही फेड मुलीच्या लग्नाच्या दिवशीच आणि तिच्या बापाच्या कर्जातूनच झाली पाहिजे, असे कोणताही धर्मग्रंथ सांगत नाही. राळेगणसिद्धीत सामुदायिक विवाह झाले, तेव्हा गाव एकत्र आले, जेवले आणि एकट्या कुटुंबावर बोजा पडला नाही. गावजेवण आणि लग्नाची साक्ष या दोन वेगळ्या गोष्टी आहेत. त्या एकाच दिवसावर लादल्या की पंगत वाढत जाते आणि साक्ष मागे पडते.

कमी माणसांत भक्कम साक्ष कशी असते, हे सत्यशोधकांनी दीडशे वर्षांपूर्वी दाखवले. सप्टेंबर 1873 मध्ये जोतीराव फुले यांच्या सत्यशोधक समाजाची स्थापना झाली आणि त्याच वर्षी 25 डिसेंबरला पुण्यात पहिला सत्यशोधक विवाह लागला, पुरोहिताविना आणि अत्यंत कमी खर्चात. त्या लग्नाचा भार सावित्रीबाई फुले यांनी उचलला. जोतीरावांनी रचलेल्या मंगलाष्टकांत वधू-वर स्वतः बोलतात. स्त्रियांच्या हक्कांबद्दल वधू वराला विचारते आणि तो सर्वांसमक्ष वचन देतो. हे सगळे कळत्या भाषेत होते, म्हणून जमलेला प्रत्येक माणूस त्या वचनाचा साक्षीदार ठरतो. मे 2025 च्या आचारसंहितेचे मी मनापासून स्वागत करतो, पण मला तिच्यात हे एक कलम जोडावेसे वाटते. संख्या 200 वर आणली तरी त्या 200 जणांनी मुलीला तिची इच्छा विचारली नाही आणि मुलाचे वचन ऐकले नाही, तर मोठ्या लग्नाचा दोष छोट्या लग्नातही तसाच राहील. हुंड्यासाठी छळ सुरू होतो तेव्हा सासरच्या दाराशी जाऊन, तू आमच्यासमोर काय कबूल केले होतेस, असे विचारणारी वीस माणसे पंगतीतल्या हजारोंपेक्षा तिला जास्त उपयोगी पडतील.

सर्वांत अवघड प्रश्न उरतो. ज्या माणसांनी साक्षीला यायचे, तीच जिवावर उठली तर? अहिल्यानगर जिल्ह्यात हा प्रश्न पुस्तकी नाही. 1 जानेवारी 2013 रोजी नेवासा तालुक्यात, सोनईजवळ, प्रेमसंबंधाच्या रागातून तीन दलित तरुणांचा खून झाला. जामखेड तालुक्यातल्या खर्ड्यात एप्रिल 2014 मध्ये सतरा वर्षांचा दलित मुलगा मारला गेला. सवर्ण मुलीशी बोलतो या कारणावरून त्याला मारल्याचा आरोप होता. खटल्यात अनेक साक्षीदार उलटले आणि नोव्हेंबर 2017 मध्ये अहमदनगरच्या (आताच्या अहिल्यानगरच्या) न्यायालयातून आरोपी निर्दोष सुटले. ज्या समाजाची साक्ष इतकी दुबळी पडते, त्याने मुलांना आमच्या साक्षीशिवाय लग्न करू नका असे कोणत्या तोंडाने सांगावे? विशेष विवाह कायद्यातली 30 दिवसांची जाहीर नोटीससुद्धा अशा ठिकाणी उलटी पडते. नावे फलकावर लागतात आणि शोध घेणाऱ्यांना पत्ता मिळतो. मार्च 2018 मध्ये सर्वोच्च न्यायालयाने निर्वाळा दिला की, दोन सज्ञान माणसांनी लग्न ठरवले तर कुटुंबाची, जातीची किंवा कुळाची संमती आवश्यक नाही, आणि अशा जोडप्यांना संरक्षण देणे सरकारचे काम आहे. म्हणून जिथे मार, कोंडून ठेवणे किंवा जबरदस्तीचे दुसरे लग्न समोर दिसते, तिथे निघून जाणे योग्यच आहे. आई-वडिलांचे मन दुखावते ना, असे कोणी म्हणेल. दुखावते, आणि ते दुःख खरे आहे. पण संमती रोखून धरण्याचा अधिकार प्रेमातून आलेला असतो. त्याच संमतीच्या आड धाक उभा राहिला की तो अधिकार संपतो. संतांच्या चरित्रात याचा पुरावा आहे. ज्ञानेश्वरांचे वडील विठ्ठलपंत गुरूच्या आज्ञेने संन्यासातून संसारात परतले, तेव्हा आळंदीने त्यांना आणि पत्नी रुक्मिणीबाईंना वाळीत टाकले आणि त्यांच्या मुलांना मुंज नाकारली. समाजाने साक्ष नाकारली म्हणून तो संसार खोटा ठरला नाही. त्याच संसारातल्या ज्ञानेश्वरांनी 1290 मध्ये आपल्या नेवाशात ज्ञानेश्वरी सांगितली.

मात्र धोका नसताना, केवळ खर्च टाळायला किंवा अवघड बोलणे टाळायला गुपचूप लग्न उरकण्याला माझा विरोध आहे. त्यात तोटा बहुतेक वेळा मुलीचा होतो. तिच्या बाजूने ऐकलेला कोणी नसतो, आणि उद्या भांडण झाले तर माहेरचे दारही बंद असते. अशा जोडप्याने घरी स्पष्ट सांगावे, बस्ता आणि मानपान नाकारावा, वीस-पंचवीस विश्वासाची माणसे बोलवावीत आणि एकमेकांना काय देणार ते त्यांच्यासमोर कळत्या भाषेत बोलावे. ज्यांना जिवाच्या भीतीने निघावे लागते, त्यांनीही एकटे जाऊ नये. मैत्रीण, मामा, शिक्षक, कार्यकर्ता असे कोणीतरी सोबत घ्यावे, नोंदणी करावी आणि पोलिसांकडे लेखी अर्ज द्यावा. आई-वडिलांकडे एवढेच मागणे आहे की, मांडवाला देणार असलेल्या पैशाआधी मुलीला तिच्या मनाविषयी विचारण्याची एक संध्याकाळ द्यावी. आपल्या मुलांच्या वचनाचे पहिले साक्षीदार होण्याचा मान त्यांचा आहे. तो त्यांनी राखला, तर बहुतेक मुलांना पळून जावे लागणार नाही आणि बहुतेक बापांना कर्जही काढावे लागणार नाही.