न कमावलेलें ताट

(वाचावयाचे भाग: मत्तय २०:१–१६, स्तोत्र ८५, योहान १२:१–८)



खेडोपाडीं सेवा करणारे आमचे उपदेशक बंधु आम्हांस वारंवार एक प्रश्न विचारीत असतात. ख्रिस्ती मनुष्यानें सिनेमा पाहावा काय? पूर्वीं हा प्रश्न शहरांतील मंडळ्यांपुरता होता. आतां मेंढरांमागें जाणाऱ्या पोराच्याही खिशांत सिनेमा आहे, तेव्हां नुसतें नको म्हणून भागत नाहीं. पुष्कळ चित्रपट वेळ खातात व मन मळवितात, हें आम्ही नाकारीत नाहीं. परंतु ज्या दादासाहेब फाळक्यांनीं १९१३ सालीं 'राजा हरिश्चंद्र' काढला, त्यांस त्या उद्योगाची प्रेरणा मुंबईंत ख्रिस्तचरित्रावरील एक मूकपट पाहून झाली होती, असें त्यांनीं स्वतःच लिहून ठेविलें आहे. पुढें १९७८ सालीं तेलुगु भाषेंत 'करुणामयुडु' हा चित्रपट निघाला, आणि 'दयासागर' ह्या नांवानें तो हिंदींत येऊन गांवोगांवीं पडदा बांधून दाखविला गेला. वधस्तंभाच्या प्रसंगीं जमिनीवर बसलेल्या म्हाताऱ्या बायांनीं पदर डोळ्यांस लाविलेला आमच्या उपदेशकांपैकीं कित्येकांनीं पाहिला असेल.

त्या चित्रपटांत प्रभु स्वतः पडद्यावर दिसतो. आज ज्या चित्रपटाविषयीं आम्ही लिहीत आहों, त्यांत प्रभु दिसत नाहीं, आंधळा डोळस होत नाहीं, समुद्र दुभंगत नाहीं. एक बाई एकदां स्वयंपाक करिते, एवढेंच. तथापि देवाची कृपा ही मजुरी नव्हे, ती वाढलेलें ताट आहे, ही गोष्ट इतक्या सरळपणें दाखविणारा दुसरा चित्रपट आमच्या पाहण्यांत नाहीं.

चित्रपट डेन्मार्क देशाचा आहे. त्या देशाचें नांव आमच्या मंडळ्यांस अगदींच परकें नसावें. १७०६ सालीं डेन्मार्कच्या राजानें पाठविलेले झीगेनबाल्ग व प्लुत्शाव हे दोघे तरंगंबाडीस उतरले, तेव्हां हिंदुस्थानांत प्रॉटेस्टंट मिशनचा आरंभ झाला. पुढें ईस्ट इंडिया कंपनीच्या मुलुखांत मिशनऱ्यांस थारा नव्हता, म्हणून डॉ. केरी व त्यांचे सोबती बंगाल्यांतील श्रीरामपुरीं राहिले, कारण तें गांव त्या काळीं डेन्मार्कच्या अमलाखालीं होतें. तेथेंच १८०५ सालीं केरींचें मराठी व्याकरण छापलें गेलें, आणि तेथूनच आमच्या भाषेंतील पहिला छापील नवा करार बाहेर पडला. एक दार बंद झालें म्हणून दुसरें उघडलें. ही गोष्ट मनांत असूं द्यावी, कारण चित्रपटांतही तसेंच घडतें.

कारेन ब्लिक्सन ह्या लेखिकेनें १९५० सालीं प्रसिद्ध केलेल्या एका कथेवरून गाब्रिएल आक्सेल ह्या दिग्दर्शकानें १९८७ सालीं 'बाबेतची मेजवानी' हा चित्रपट काढिला. परभाषीय चित्रपटांसाठीं असलेलें अमेरिकेचें ऑस्कर पारितोषिक त्यास १९८८ सालीं मिळालें. डेन्मार्कला तें प्रथमच मिळालें.

कथा अशी आहे. समुद्रकांठच्या एका गरीब, उजाड गांवांत एक वृद्ध पाळक राहत असे. त्यानें भक्तिमान लोकांची एक लहानशी मंडळी जमविली होती. तिचे नियम कडक. पोशाख साधा, बोलणें थोडें, अन्न म्हणजे वाळविलेला मासा व शिळ्या भाकरीची पेज. त्याच्या दोन मुली. मार्टिन लूथर ह्याच्या नांवावरून एकीचें नांव मार्टीन, आणि लूथरचा मित्र फिलिप मेलांक्थन ह्याच्या नांवावरून दुसरीचें फिलिपा. तरुणपणीं मार्टीनवर लोवेनहिल्म नांवाच्या एका स्वीडिश लष्करी अधिकाऱ्याचें मन बसलें. परंतु ह्या जगांत कांहीं गोष्टी अशक्य असतात, असें म्हणून तो निघून गेला व राजदरबारीं मोठा झाला. फिलिपाचा आवाज ऐकून पॅरिसचा प्रसिद्ध गवई आशील पापें हा तिला गाणें शिकवूं लागला. त्याच्या मनांत तिला मोठ्या रंगभूमीवर नेण्याचें होतें. पण तिलाच त्या वाटेची भीति वाटली, तिनें शिकणें थांबविलें, आणि तो हिरमुसला होऊन परत गेला. दोघी बहिणी अविवाहित राहिल्या, बापामागें मंडळी सांभाळूं लागल्या, गरिबांस अन्न पोंचवूं लागल्या.

१८७१ सालीं एका वादळी रात्रीं एक परकी स्त्री त्यांच्या दारांत येऊन पडली. त्या वर्षीं पॅरिसच्या सामान्य लोकांनीं कम्यून नांवाची सत्ता स्थापिली होती व फ्रेंच सरकारच्या सैन्यानें ती मे महिन्यांत चिरडून हजारों लोकांस ठार केलें. ह्या स्त्रीचा नवरा व मुलगा त्यांतच गोळी घालून मारले गेले होते. तिचें नांव बाबेत. तिच्याजवळ एक पत्र होतें, आणि तें पत्र त्या हिरमुसल्या गवयाचें होतें! पगार देण्याचें सामर्थ्य नाहीं, असें बहिणी म्हणाल्या. तिनें पगार मागितला नाहीं. चौदा वर्षें ती त्या चुलीपाशीं राहिली.

वाचकहो, येथें क्षणभर थांबूं या. फिलिपानें गाणें सोडलें ह्यांत कोणाचें काय भलें झालें, असें त्या वेळीं कोणीही विचारिलें असतें. परंतु तो गवई त्या गांवीं आला नसता, तर बाबेतला जगाच्या पाठीवर जाण्यास पत्ता नव्हता. योसेफाला भावांनीं विकलें तें दुष्टपणानें, आणि देवानें त्याच वाटेनें पुष्कळांच्या पोटाची सोय केली (उत्पत्ति ५०:२०). देवाची तजवीज पुढून क्वचितच दिसते. फिलिपाला ती पुष्कळ वर्षांनीं दारांत भिजलेल्या बाईच्या रूपानें दिसली, आणि तीही तिनें ओळखली नाहीं.

आतां मंडळीची स्थिति पाहा. पाळक गेल्यावर मंडळी म्हातारी झाली व कुरकुरी झाली. व्यवहारांत एकमेकांस फसविलेले दोघे म्हातारे जुना हिशेब काढूं लागले. दोन बाया एकमेकींविषयीं पूर्वीं वाईट बोलल्या होत्या, तें वर आलें. तरुणपणीं पाप केलेलीं एक पुरुष व एक स्त्री आपल्या पापाचा भार एकमेकांवर ढकलूं लागलीं. गीतें चालूंच होतीं. प्रार्थनाही चालूंच होत्या.

अशा वेळीं बाबेतला पॅरिसच्या लॉटरींत दहा हजार फ्रँक मिळाले. (लॉटरीचें आम्ही समर्थन करीत नाहीं. आमच्या गांवांत तिनें किती चुली विझविल्या तें आम्हांस ठाऊक आहे. पण कथा आहे तशीच सांगितली पाहिजे.) मृत पाळकाचा शंभरावा जन्मदिवस जवळ आला होता. त्या दिवसाचें जेवण मी करीन, तें फ्रेंच पद्धतीचें असेल व खर्च माझा, एवढीच विनंति तिनें केली. तिनें मागितलेली ही पहिलीच गोष्ट. बहिणींनीं भीत भीत होकार दिला. मग जिवंत कासव आलें, पिंजऱ्यांत लावे पक्षी आले, दारूच्या बाटल्या आल्या. मार्टीनला रात्रीं भयंकर स्वप्न पडलें. तिनें मंडळीस रडत सांगितलें कीं, आपल्या हातून कांहीं तरी अधर्म घडणार. तेव्हां सर्वांनीं शपथ घेतली कीं, जेऊं, परंतु अन्नाविषयीं एक शब्दही बोलणार नाहीं. जिभेला चव नाहीं असें समजूं.

कृपा स्वीकारतांना मनुष्याची जी तऱ्हा होते, ती ह्याहून चांगली कोणी दाखविली आहे काय? द्राक्षमळ्यांतील मजुरांची कुरकुर आम्हांस समजते. त्यांनीं दिवसभर ऊन सोसलें होतें. परंतु ह्या लोकांनीं कांहीं कमाविलें नव्हतें, कांहीं मागितलेंही नव्हतें, आणि वाढलेलें ताट गोड लागूं द्यावयाचें नाहीं असा निश्चय करून ते बसले. फुकट मिळतें त्यांत कांहीं तरी फसवणूक असणार, हा संशय खेड्यांतल्या मनुष्यास नवा नाहीं. आम्हीं स्वतः कित्येक घरीं तारणाची गोष्ट सांगितल्यावर ऐकिलें आहे, 'होय, पण त्याबद्दल आम्हांस द्यावें काय लागतें?'

त्या जेवणास लोवेनहिल्म आला, आतां सेनापति झालेला. त्याला शपथ ठाऊक नव्हती. तो एकेक पदार्थ चाखतो व चकित होऊन स्तुति करितो, आणि शेजारचे म्हातारे त्याला हवापाण्याविषयीं उत्तर देतात. हंसूं येतें. पण हंसतां हंसतां पाहावें तों पंगत बदललेली असते. फसविणारा फसविलेल्याजवळ कबूल करितो व दोघेही हंसतात. वैर धरलेल्या बाया एकमेकींस आशीर्वाद देतात. कोणी उपदेश केला नाहीं, कोणी निवाडा केला नाहीं. ज्यांनीं चव घ्यावयाची नाहीं असें ठरविलें होतें, त्यांच्या पोटांत ती मेजवानी उतरली होती.

मग सेनापति उठून बोलतो. पंचाऐंशीव्या स्तोत्रांत दया व सत्य ह्यांची भेट झाल्याचें जें वर्णन आहे, त्यावर तो बोलतो. आमची दृष्टि आंखूड असल्यामुळें देवाची दयाही मोजकीच असावी असें आम्ही समजतों, आणि काय निवडावें ह्या भीतीनें आयुष्यभर कांपतों. परंतु दयेस मर्यादा नाहीं. ती अटी घालीत नाहीं. आपण निवडलेलें तर मिळतेंच, पण जें नाकारलें तेंही परत हातीं येतें. असा त्याचा भावार्थ. निघतांना तो मार्टीनला सांगतो कीं, जगांत सर्व कांहीं शक्य आहे हें आज कळलें. ज्यानें तरुणपणीं अशक्य म्हणून तिला सोडिलें होतें, तोच हें बोलतो.

पाहुणे बारा होते, म्हणून हे बारा प्रेषित व हें प्रभुभोजन, अशी जुळवाजुळव कांहीं टीकाकार करितात. आम्हांस ती फारशी रुचत नाहीं. बाबेत म्हणजे ख्रिस्त नव्हे, व कासवाचें सार म्हणजे संस्कार नव्हे. प्रभूच्या मेजावर भाकर मोडली जाते ती मोडलेल्या देहाची आठवण म्हणून, आणि वधस्तंभावांचून कोणतेंही मेज प्रभूचें मेज होत नाहीं. परंतु दृष्टांत ह्या नात्यानें पाहिलें, तर स्वयंपाकघरांतील शेवटचा प्रसंग फार मोलाचा आहे.

पाहुणे गेल्यावर बहिणी आंत जातात. बाबेत उष्ट्या भांड्यांच्या ढिगांत थकून बसलेली आहे. आतां तूं पॅरिसला परत जाशील, असें त्या म्हणतात. तेव्हां ती सांगते, ती एके काळीं पॅरिसच्या काफे आंग्ले ह्या नामांकित भोजनगृहाची मुख्य स्वयंपाकीण होती. तेथें बारा जणांच्या जेवणास दहा हजार फ्रँक पडत. तेवढे तिनें खर्चिले. एक फ्रँकही उरला नाहीं. आतां ती कोठेंही जाणार नाहीं. ज्यांनीं जेवण केलें त्यांस किंमत ठाऊक नव्हती, आणि जिनें दिलें तिचें सर्वस्व गेलें होतें. मार्टीन रडूं लागते कीं, आतां तूं जन्मभर गरीब राहशील.

आणखी एक गोष्ट आहे, ती पाहणाऱ्याच्या नजरेंतून सुटते. जेवतांना सेनापति सांगतो कीं, काफे आंग्लेंतील त्या स्वयंपाकिणीची अपार स्तुति जनरल गॅलिफे करीत असे. हा गॅलिफे म्हणजे कम्यूनच्या लोकांस निर्दयपणें गोळ्या घालण्याबद्दल कुप्रसिद्ध झालेला सेनापति. म्हणजे जे हात बाबेतच्या घरावर उठले, त्यांना तिच्याच हातांनीं पूर्वीं जेवूं घातलें होतें. ह्याविषयीं चित्रपट उपदेश करीत नाहीं. आम्हांस मात्र ज्यानें यहूदाच्याही हातांत घांस दिला त्याची आठवण झाल्यावांचून राहिली नाहीं.

हे पैसे गरिबांस द्यावयाचे होते, असा प्रश्न कोणी विचारील. बेथानींत तीनशें दिनारांचें सुगंधी तेल ओतलें गेलें, तेव्हांही हाच प्रश्न निघाला होता, व तो कोणी काढिला तें योहानानें लिहून ठेविलें आहे. बाबेतनें चौदा वर्षें गरिबांची पेज शिजविली होती, आणि त्या रात्रीं ती ज्यांना वाढीत होती ते तरी कोण होते? सेनापतीचा गाडीवान पंगतींत नव्हता, स्वयंपाकघरांत बसला होता. त्यालाही जेवावयास मिळालें.

पंगत म्हणजे काय, हें आमच्या मंडळ्यांस कोणी शिकवावयास नको. आमच्या पुष्कळांच्या वाडवडिलांनीं गांवजेवणाच्या दिवशीं दूर बसून, वरून टाकलेलें अन्न ओंजळींत झेललें. ख्रिस्ती झाल्यावर एका सतरंजीवर मांडीला मांडी लावून बसलों, हीच कित्येकांची पहिली साक्ष होती. असें असून आजही मूळची जात पाहून पंगत निवडणारे आमच्यांत आहेत. बांधाच्या वादावरून दोन भाऊ उपासनामंदिराच्या दोन बाजूंस बसतात, आणि प्रभुभोजनाच्या रविवारीं एक आला तर दुसरा येत नाहीं. 'त्यानें आधीं माफी मागावी, मग मी येईन,' असें ते पाळकास सांगतात. म्हणजे मेज प्रभूचें, आणि मजुरीचा दर ठरविणारे हे!

उपदेशक बंधूंस एक सूचना. हा चित्रपट डॅनिश व फ्रेंच भाषेंत आहे व चालतो सावकाश, म्हणून खेड्यांत तो दाखविण्यापेक्षां कथा म्हणून सांगणें बरें. रात्रीं जेवणें झाल्यावर सांगावी. पदार्थांचीं नांवें सांगूं नयेत, तीं लक्षांत राहत नाहींत. विहिरीचा प्रसंग मात्र गाळूं नये. मेजवानीनंतर तीं म्हातारीं माणसें बाहेर येतात, आणि आकाश ताऱ्यांनीं भरलेलें असतां गांवच्या विहिरीभोंवतीं एकमेकांचे हात धरून, गोल करून गातात. आमच्या ऐकणाऱ्यांत अशीं माणसें असतात कीं, ज्यांच्या आज्या विहिरीपासून दूर उभ्या राहून, कोणी वरून पाणी घालील म्हणून घागर घेऊन वाट पाहत असत. येथें उपदेशकानें थांबावें, व तीं काय बोलतात तें ऐकावें.